तीन काऊबॉय, एक शिक्षिका आणि गाणे: एकांकिकेसाठी सल्ला हवा आहे

गोदाकाठचा_रंगकर्मी (प्रश्न)

नमस्कार. नाशिकमधील आमच्या हौशी नाट्यमंडळासाठी मी साधारण पाऊण तासाची एक हलकीफुलकी संगीत एकांकिका लिहीत आहे. कथा अमेरिकेतील टेक्सासच्या एका गुरांच्या रँचवर घडते. तेथील तीन काऊबॉय गाण्याबजावण्याचे वेडे आहेत. एक व्हायोलिन वाजवतो, दुसरा माऊथ ऑर्गन, आणि तिसऱ्याचा गळा गोड असून त्याच्याजवळ गिटार आहे. जवळच्या शाळेत नव्याने आलेल्या शिक्षिकेवर तिघांचेही मन जडते आणि मग एकमेकांवर कुरघोडी सुरू होते. खलनायक कोणीच नाही, पिस्तूल बाहेर निघत नाही, आणि शेवटी तिघांची मैत्री शाबूत राहावी अशी माझी इच्छा आहे.

पहिला खर्डा मंडळात वाचून दाखवला तेव्हा ज्येष्ठांचे म्हणणे असे पडले की, पात्रे येतात, गातात आणि विंगेत जातात. चढाओढ आहे हे केवळ संवादांतून कळते, गाण्यांतून ती घडत नाही. हा आक्षेप मला पटला आहे. एका सदस्याने रँच सोडून कथा दिंडोरीच्या द्राक्षबागेत आणावी असे सुचवले. मात्र घोडे, गुरे आणि मोकळे माळरान यांच्याशिवाय या मंडळींच्या गाण्याला कारणच उरत नाही, असे मला वाटते. तेव्हा रँच रँचच राहील.

जाणकारांना दोन गोष्टी विचारायच्या आहेत. काऊबॉय खरोखर गात असत का, आणि असल्यास केव्हा, काय व कशावर? दुसरे म्हणजे, केवळ संगीताच्या बळावर ही चढाओढ रंगवायची तर त्यांच्या जगण्यातले कोणते प्रसंग हाताशी आहेत? प्रेक्षक साईखेडकर नाट्यगृहातला, म्हणजे नाट्यसंगीतावर वाढलेला आहे, एवढे ध्यानात ठेवून सांगावे.

जुन्या_पानांचा_वाचक

आधी काळ ठरवा, कारण बाकी सर्व त्यावर अवलंबून आहे. झगमगीत शर्ट घालून, घोड्यावर बसून गिटार छेडणारा जो काऊबॉय आपल्या डोळ्यांसमोर येतो, तो १९३० च्या दशकातील चित्रपटांनी आणि रेडिओने घडवलेला आहे. जीन ऑट्री आणि रॉय रॉजर्स ही त्यातली ठळक नावे. प्रत्यक्षातील काऊबॉयचा बहराचा काळ त्याच्या पन्नासएक वर्षे आधीचा, साधारण १८६६ ते १८८६ असा, आहे. त्या वीसेक वर्षांत टेक्सासमधून लाखो गुरे उत्तरेकडच्या रेल्वे स्थानकांपर्यंत पायी हाकत नेली गेली. १८७४ मध्ये जोसेफ ग्लिडन याने काटेरी तारेचे पेटंट मिळवले, माळरानांवर कुंपणे पडत गेली, आणि १८८६-८७ च्या भीषण हिवाळ्यात उत्तरेकडील माळरानांवर गुरे हजारोंनी दगावली. मोकळ्या चराईचे युग त्यानंतर फार टिकले नाही. तुमची कथा १८८० च्या आसपास ठेवावी, असे माझे स्पष्ट मत आहे, कारण तुम्हाला हवा असलेला सर्वांत मोलाचा प्रसंग फक्त त्याच काळात मिळतो.

तो प्रसंग म्हणजे रात्रीचा पहारा. कुंपणे नसल्यामुळे गुरे गोळा करण्याच्या हंगामात, म्हणजे राउंडअपच्या दिवसांत, कळप उघड्यावर बसवावा लागे. साधारणपणे दोन स्वार पाळीपाळीने, सुमारे दोन-दोन तास, कळपाभोवती परस्परविरुद्ध दिशांनी फेऱ्या घालीत आणि फिरताना संथपणे गात राहत. अंधारात अचानक काही खुट्ट झाले, तर हजार-दोन हजार गुरे एकदम उधळण्याची धास्ती असे. माणसाचा ओळखीचा, अखंड स्वर ऐकू येत राहिला म्हणजे जनावरे शांत राहतात आणि जवळ येणाऱ्या घोड्याला दचकत नाहीत, हा अनुभव होता. चर्चमधली भजने, घराकडची जुनी गाणी, जे आठवेल ते चाले. शब्द संपले की मनाला येईल ते त्याच चालीत बसवले जाई, मग त्यात शिव्याही आल्या. डबाबंद दुधाच्या वा फळांच्या डब्यांवरील मजकूर तोंडपाठ करून तो बिनचूक म्हणून दाखवण्याचा खेळही ही मंडळी खेळत. म्हणजे तुमच्या एखाद्या पात्राला प्रेमगीत सुचले नाही, तर त्याने टोमॅटोच्या डब्यावरचे लेबल आर्त स्वरात आळवले तरी ते इतिहासाला धरूनच होईल.

आता नाट्याच्या दृष्टीने पाहा. तुमचे दोन प्रतिस्पर्धी एकाच पाळीवर आहेत. दोघे उलट दिशांनी फिरत असल्यामुळे प्रत्येक फेरीत दोनदा समोरासमोर येतात आणि पुन्हा दूर जातात. एकाने एक कडवे टाकावे, दुसऱ्याने पुढच्या भेटीत त्याला उत्तर द्यावे. आपल्या प्रेक्षकाला हे समजावून सांगावे लागणार नाही. कलगी-तुऱ्याचे सवाल-जवाब त्याच्या रक्तात आहेत. गंमत अशी की, येथे आवाज चढवण्याची सोयच नाही. शिक्षिकेवरून मनात कितीही जळफळाट झाला तरी तो अंगाईच्या लयीत आणि हळुवार सुरातच व्यक्त करावा लागेल, कारण एक जरी तान रागाने मारली तरी कळप उधळेल आणि मालक दोघांनाही हाकलून देईल. अत्यंत गोड गळ्याने, पापण्या मिटून, एकमेकांच्या कुळाचा उद्धार करणारे दोन स्वार रंगमंचावर दिसले, तर हशा मिळवण्यासाठी वेगळा विनोद लिहावा लागणार नाही.

वाद्यांविषयी थोडे. माळावर गिटार नेणे अडचणीचे होते, आणि टपालाने माल पाठवणाऱ्या दुकानांमुळे स्वस्त गिटारी घरोघरी पोहोचल्या त्या १८९० च्या दशकात. त्याआधी व्हायोलिन, बँजो आणि खिशात मावणारा माऊथ ऑर्गन यांचेच राज्य होते. जर्मनीत माथियास होनर याने १८५७ मध्ये माऊथ ऑर्गन बनवण्यास आरंभ केला आणि त्याचा माल अमेरिकेत भरपूर जात असे. गिटार ठेवायचीच असेल, तर तुमचा गायक मेक्सिकन वाकेरो, म्हणजे घोड्यावरून गुरे राखणारा मेक्सिकन गुराखी, करा. दोरफासापासून खोगिरापर्यंत काऊबॉयची निम्मी विद्या त्याच लोकांकडून आलेली आहे आणि गिटारही त्यांच्या घरचीच. काऊबॉयांमध्ये कृष्णवर्णीयांची संख्याही मोठी होती, साधारण चारांत एक असा अंदाज दिला जातो. हे पात्रनिवडीत दिसावे, मात्र त्या काळच्या टेक्सासमध्ये वर्णभेद किती जीवघेणा होता हे जाणून, त्या बाबीवर विनोद करू नये.

मध्यसप्तक

वरील प्रतिसाद उत्तम आहे. मी व्हायोलिन शिकवतो, म्हणून केवळ वाद्यांपुरते लिहितो. तुमच्या तीन पात्रांच्या हाती तुम्ही तीन वाद्ये दिली आहेत, पण ती वाद्ये एकमेकांना कशी अडवू शकतात याचा उपयोग केलेला दिसत नाही.

त्या काळचा दहा छिद्रांचा माऊथ ऑर्गन एकाच पट्टीत बांधलेला असतो. त्यावर दुसरी पट्टी धरणे सामान्य वादकाला जमत नाही. समजा, माऊथ ऑर्गनवाल्याने शिक्षिकेसमोर एक सुरेख धून सुरू केली आणि गायकाने साळसूदपणे पुढचे कडवे अर्ध्या स्वराने वर उचलले, तर माऊथ ऑर्गनवाला तत्काळ गप्प होतो आणि लोकांना वाटते की त्याचा दम संपला. हा वार प्रेक्षकाला कानांनी कळेल. पुढच्या प्रवेशात माऊथ ऑर्गनवाल्याने उसनवारी करून आणखी दोन पट्ट्यांचे माऊथ ऑर्गन मिळवावेत आणि प्रत्येक खिशातून एकेक काढावा. सूड पूर्ण झाला.

व्हायोलिनवाल्याचे दुखणे याहून खोल आहे. रँचवरचा नाच म्हणजे चौकोनी नाच: चार जोडपी, आठ माणसे, आणि सर्वांना सूचना देणारा एक पुकारणारा. आख्खा नाच एका व्हायोलिनवर चालत असे. तुमचा व्हायोलिनवाला पंचक्रोशीत सर्वांत चांगला वाजवणारा असेल, तर रात्रभर वाजवण्याची शिक्षा त्यालाच होणार आणि शिक्षिकेबरोबर नाचण्याची संधी उरलेल्या दोघांना मिळणार. त्याच्या हाती सूड उगवण्याचे साधनही आहे: प्रतिस्पर्धी तिच्याबरोबर नाचू लागला की लय वाढवत न्यायची, इतकी की त्याची दमछाक व्हावी. पण लय वाढली तर तीही दमणार, म्हणून पुन्हा उतरवायची. या चढउतारात त्याचे सगळे प्रेम आणि मत्सर येऊन जातो, आणि त्याला एकही वाक्य बोलावे लागत नाही.

तालाचे म्हणाल, तर या नाचाच्या धुनांपैकी काही चार मात्रांच्या अंगाने जातात, त्यांना केरवा सहज बसतो. काही सहाच्या वजनाच्या असतात, त्यांना दादरा. रात्रीच्या पहाऱ्याचे गाणे घोड्याच्या चालीवर असल्यामुळे संथ केरव्याच्या वजनात ठेवावे, पण तबला वाजवू नये. नारळाच्या करवंट्यांवर टापा धराव्यात.

एक तांत्रिक बाब आनंदाची आहे. तिकडचे जुने वादक अनेकदा व्हायोलिनच्या चार तारा षड्ज-पंचम, षड्ज-पंचम अशा लावत, जेणेकरून वाजवताना शेजारची तार आसेसारखी घुमत राहावी. आपल्याकडेही अनेक वादक षड्ज-पंचमाच्याच जोड्या लावतात, त्यामुळे नाशिकच्या वादकाला त्या धुना हातात यायला फार वेळ लागणार नाही. अडचण बैठकीची आहे. आपला वादक मांडी घालून, व्हायोलिनचे टोक पायावर टेकवून वाजवतो. तिकडचा वादक उभ्याने, वाद्य छातीशी धरून आणि गज पुष्कळदा टोकापासून थोडा वर पकडून वाजवतो. उभे राहून वाजवण्याची सवय महिनाभर आधी लावा, नाहीतर प्रयोगाच्या दिवशी वाद्य घसरेल आणि प्रेक्षकांना तो विनोदाचा भाग वाटेल.

लासलगावकर

माझा संगीताशी संबंध ऐकण्यापुरताच आहे, मात्र लिलावाशी जन्मापासून आहे, म्हणून लिहितो. त्या काळच्या अमेरिकी खेड्यांत शाळेसाठी वा चर्चसाठी पैसे उभे करण्याकरिता डब्यांचा लिलाव होत असे. मुली-बायका घरून जेवणाचा डबा करून आणत, त्याला फिती, कागदी फुले लावून सजवत, आणि तो कोणाचा हे गुप्त ठेवत. पुरुष बोली लावत. ज्याने डबा घेतला त्याला तो करणारीबरोबर बसून जेवायला मिळे. आवडत्या मुलीच्या डब्याची खूण आधीच काढून ठेवणे, आणि एखाद्याचे प्रेम ठाऊक असल्यास मुद्दाम बोली चढवून त्याचा खिसा रिकामा करणे, हे सारे त्यात आलेच. तुमची नायिका शिक्षिका असल्यामुळे लिलाव शाळेसाठीच ठेवता येईल.

आमच्या बाजार समितीत कांद्याचा लिलाव ज्यांनी पाहिला आहे, त्यांना त्यातली लय सांगायला नको. ट्रॅक्टरच्या रांगेतून लिलाव पुकारणारा पुढे, व्यापाऱ्यांचा घोळका मागे. कोणी ट्रॉलीतला कांदा उचलून दाबून पाहतो, कोणी नुसती भुवई हलवतो, आणि तोवर आकडा पन्नासाने वर गेलेला असतो. पुकारणाऱ्याचा आवाज एका सुरात लागलेला असतो आणि बोली थांबली की तो सूर अचानक तुटतो. तुमच्या एकांकिकेत लिलाव गद्यात घेऊ नका, गाऊन घ्या. शक्य असल्यास पुकारणाऱ्याच्या भूमिकेसाठी आमच्या बाजूचा कोणी अडत्या घ्या.

आणखी एक सुचते. त्या काळी काऊबॉयला महिन्याला तीस-चाळीस डॉलर मिळत. पाच डॉलरची बोली म्हणजे चार-पाच दिवसांची मजुरी गेली. तिघे आपापली शिल्लक घेऊन बसले आहेत, निळ्या फितीचा डबा शिक्षिकेचा अशी पक्की बातमी तिघांनाही स्वतंत्रपणे मिळालेली आहे, बोली चढत चढत एकेकाची ऐपत संपते, आणि अखेरीस डबा दुसऱ्या कोणाच्या हाती जाऊ नये म्हणून तिघे पैसे एकत्र करून तो घेतात. डबा निघतो रँचवरच्या आचाऱ्याचा. राउंडअपच्या वेळी फिरत्या स्वयंपाकघराची गाडी सांभाळणारा हा आचारी काऊबॉयांपेक्षा जास्त पगार घेणारा आणि सर्वांवर डाफरणारा असे. आता तिघांनी त्याच्यासमोर मांडी घालून, रोज फुकट मिळणारा घेवडाच, महिन्याची कमाई मोजून खायचा.

विंगेतून

मी दिग्दर्शन करते, त्यामुळे माझा प्रश्न निराळा आहे. ही शिक्षिका या सगळ्यात काय करते? आतापर्यंतच्या प्रतिसादांत तिच्यासाठी गाणे म्हटले जाते, तिच्याबरोबर नाचले जाते आणि तिचा समजून डबा घेतला जातो. तिघांच्या चढाओढीत ती करंडकासारखी टेबलावर ठेवलेली राहिली, तर आजचा प्रेक्षक, निदान प्रेक्षागृहातील बायका, पहिल्या दहा मिनिटांतच कथेतून बाहेर पडतील.

१९३० च्या दशकातील एक पर्याय मला मोहात पाडतो. १९३१ मध्ये नेवाडा राज्याने घटस्फोटासाठी लागणारी वास्तव्याची अट सहा आठवड्यांवर आणली आणि रीनो शहराच्या परिसरातील कित्येक रँच घटस्फोटासाठी येणाऱ्या स्त्रियांच्या मुक्कामाची ठिकाणे झाली. तेथे येणारी नायिका जाणती असते, एका लग्नातून बाहेर पडत असते, सहा आठवडे मोजत असते, आणि तिला रिझवू पाहणाऱ्या काऊबॉयांकडे ती मिश्कीलपणे पाहू शकते. पण त्या काळात गेलात तर रात्रीचा पहारा हातचा जातो, आणि तो प्रवेश सोडावा असे मलाही वाटत नाही. मग १८८० मध्येच राहून तिला सूत्रे द्या.

सूत्रे देण्याची जागा तयार आहे. चौकोनी नाचात पुकारणारा सांगेल तसे सर्वांना वागावे लागते: जोडीदार बदला, उजवा हात द्या, आता कोपऱ्यातल्या माणसाबरोबर गिरकी घ्या. हे काम बहुतेक पुरुष करत, पण नेहमीचा पुकारणारा घसा बसून पडला आहे असे दाखवा आणि शिक्षिकेला पुढे येऊ द्या. वर्गात चाळीस पोरांना हुकूम सोडणाऱ्या बाईला आठ मोठी माणसे काय जड? त्यातच रँचवर स्त्रिया नेहमी कमी असत, म्हणून काही पुरुष दंडाला रुमाल बांधून नाचापुरते स्त्रीच्या जागी उभे राहत. बालगंधर्वांच्या महाराष्ट्राला यात काहीच वावगे वाटणार नाही. नायिका पुकारते आहे, व्हायोलिनवाला वाजवण्यात अडकला आहे, आणि गायक व माऊथ ऑर्गनवाला यांच्यापैकी एकाच्या दंडाला रुमाल आहे. तिच्याबरोबर नाचायला मिळेल म्हणून आलेले दोघे तिच्याच हुकमाने रात्रभर एकमेकांच्या गळ्यात हात घालून गिरक्या घेत राहतात. चढाओढ तीच राहते, पण दोर तिच्या हातात येतो.

शेवटी ती कोणाला निवडते, याची घाई करू नका. त्या काळी खेड्यांतील शाळांचे सत्र काही महिन्यांचेच असे. सत्र संपल्यावर ती पुढच्या गावी जाऊ शकते, आणि जाण्यापूर्वी तिघांपैकी कोणाचे काय तिला आवडले हे ती स्वतःच्या गाण्यातून सांगू शकते. तिला एक तरी गाणे द्या. आत्तापर्यंत ती फक्त ऐकते आहे.

गोदाकाठचा_रंगकर्मी

सर्वांचे मनापासून आभार. ताईंचा आक्षेप योग्य जागी लागला आहे, आणि तो मान्य केल्यावर बाकीचे प्रवेश आपोआप जागेवर बसू लागले. काळ १८८० च्या आसपासचा ठेवतो. क्रम साधारण असा मनात आला आहे: सुरुवातीला शाळेच्या ओट्यावर तिघांची हजेरी आणि पट्टी चढवण्याचा वार, मग शाळेसाठी डब्यांचा लिलाव, त्यानंतर नाच, आणि अखेरीस रात्रीचा पहारा. पहारा शेवटी घेण्याचे कारण असे की, लिलावात पैसे गेलेले, नाचात पाय गेलेले, आणि आता फक्त आवाज उरलेला, अशा अवस्थेत ते दोघे समोरासमोर यावेत. तिसरा, म्हणजे व्हायोलिनवाला, पाळी नसतानाही झोप न आल्यामुळे तेथे येईल आणि दोघांच्या भांडणाला नकळत साथ देऊ लागेल. शिक्षिका आपले गाणे दुरून, शाळेच्या खिडकीतून म्हणेल, आणि कळपापासून हलण्याची सोय नसल्यामुळे तिघांनाही ते जागेवरूनच ऐकावे लागेल.

डब्यावरील लेबल आळवण्याचा प्रसंग आचाऱ्याला देतो आहे. दोन शंका उरतात. मेक्सिकन वाकेरोच्या तोंडी कोणती मराठी घालावी, आणि रंगमंचावर दोन स्वार उलट दिशांनी फिरताना दाखवायचे तरी कसे?

विंगेतून

वाकेरोला तुटकी किंवा हेल काढलेली मराठी देऊ नका. तो विनोद स्वस्त होईल. त्याची भाषा तिघांत सर्वांत अदबशीर आणि किंचित अलंकारिक ठेवा, आणि उरलेल्या दोघांना त्याच अदबीचा राग येऊ द्या.

फिरण्यासाठी फिरता रंगमंच नको. मध्यभागी काळ्या कापडाखाली पाच-सहा नट बसवून कळप करा. त्यांच्या पाठी श्वासाबरोबर हलतील. दोन्ही स्वार त्यांच्याभोवती चालतील, एक नेहमी पुढून जाताना दुसरा मागून. आवाज जरा चढला की कापडाखालची एखादी पाठ उठू लागेल, आणि दोघेही घाईघाईने सूर खाली आणतील. प्रेक्षक पहिल्या वेळीच नियम शिकतात. त्यानंतर नुसती पाठ हलली तरी ते हसतील.

मध्यसप्तक

कळपातील एका नटाला खर्जातला षड्ज धरायला सांगा, हंबरण्याच्या अंगाने. दोन्ही गायकांना आस मिळेल आणि तानपुऱ्याची उणीव भासणार नाही. पट्टी मात्र आजच ठरवून कळवावी. माऊथ ऑर्गन कोणत्या पट्टीचे मागवायचे ते त्यावरून ठरेल, आणि तालमीच्या पहिल्या दिवशी तीनही हाताशी असलेले बरे.